किल्ली तिचीच होती

मित्रांनो, मी एक जुनं पितळी कुलूप आहे. बाहेरून अजून चकचकीत दिसतो, पण माझ्या पोटात एक पाप आहे. ते आज तुम्हाला सांगूनच टाकतो.

इंग्रजांनी तंजावरचं राज्य खालसा करून पस्तीसेक वर्षं झाली होती, तेव्हा कुंभकोणमच्या एका कासाराने मला घडवलं. अंग पितळेचं, आतल्या पट्ट्या लोखंडाच्या. एका मराठी घराने मला विकत घेऊन पश्चिमेकडच्या खोलीला लावलं. घरच्या सासूबाई दर शुक्रवारी माझ्यात तेलाचा थेंब सोडायच्या. अहाहा, काय फिरायचो मी! डोळे मिटण्याआधी त्यांनी थोरला मुलगा सुंदरराव याच्या देखत किल्ली धाकट्या सुनेला, भवानीबाईला दिली. "ही खोली तुझी ग," म्हणाल्या.

पुढे भवानीबाईचा नवरा वारला. मुलीला, धनलक्ष्मीला घेऊन ती तिरुवलंचुळीला माहेरी गेली आणि वर्षाने परतली. तेवढ्या वर्षात मला कुणी तेल घातलं नव्हतं. कावेरीकाठची दमट हवा, आत सगळा गंज. दारात उपाशी मुलगी बसलेली. भवानीबाईने किल्ली घातली, फिरवली, देवाचं नाव घेतलं, पुन्हा फिरवली. मी हललो नाही. मित्रांनो, हाच माझा गुन्हा! रडकुंडीला येऊन तिने वरवंटा उचलला आणि दाराचा कोयंडाच उखडून काढला.

सुंदररावांना तेवढंच निमित्त हवं होतं. अख्खं घर गिळायचा त्यांचा बेत होता. 'घरफोडी झाली' अशी त्यांनी तक्रार केली आणि भर दुपारी शिपाई भवानीबाईला महामहम कुंडावरून चावडीत घेऊन गेले. सारा गाव बघत होता. धनलक्ष्मीची सोयरीक तिरुनागेश्वरमला जुळली होती. 'चोरटीची मुलगी नको,' असा निरोप चौथ्या दिवशी आला.

मला पुरावा म्हणून कचेरीत ठेवलं. शिक्षा झाली असती तर भवानीबाई तुरुंगात आणि खोली सुंदररावांच्या घशात. मॅजिस्ट्रेटसाहेबांनी दोनदा विचारलं, तरी ती गप्पच. थोरल्या दिरासमोर तोंड उघडायचं नाही, ही घरची रीत! तिने फक्त पदराची गाठ सोडून किल्ली पुढे ठेवली. ती माझ्यात घातली, पण फिरेना. सुंदररावांचा वकील हसला, "दुसऱ्या कुठल्या कुलपाची असेल." मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

साहेब पट्टेवाल्याला म्हणाले, "एकोजी, पंख्याच्या दोरीच्या चाकाला घालतोस ते एरंडेल आण रे."

चार थेंब पडले. थोड्या वेळाने किल्ली पुन्हा फिरवली. मी सगळा जीव एकवटला. खट्! उघडलो.

"किल्ली जिच्यापाशी, ती घर कशाला फोडेल?" साहेब म्हणाले. "खोली कुणाच्या हिश्श्याची, ते दिवाणी कोर्टात जाऊन भांडा. ही फौजदारी तक्रार मी फेटाळतो."

भवानीबाई सुटली. सुंदरराव दिवाणीत गेलेच नाहीत, कारण तिथे किल्ली कुणी दिली ते शपथेवर सांगावं लागलं असतं. खोली तिच्याकडे राहिली. पण तिरुनागेश्वरमच्या मुलाचं तोवर दुसरीकडे लग्न झालं होतं. वरातीमागून घोडं! पुढे कुणी धनलक्ष्मीला विचारलंच नाही.

पुष्कळ वर्षांनी म्हातारे सुंदरराव वाटीत तेल घेऊन दाराशी आले. "भवानी, कुलपाला तेल घालू का?"

आयुष्यात पहिल्यांदा ती त्यांच्याशी बोलली. "भावजी, किल्ली तुमच्या देखत मिळाली होती मला. तेवढंच कचेरीत सांगायचं होतंत."

त्यांच्या हातातली वाटी कलंडली, तेल उंबऱ्यावर सांडलं. "चुकलं ग माझं," म्हणाले आणि तिथेच खाली बसले.

तेव्हापासून ते दर शुक्रवारी येतात, माझ्यात थेंब सोडतात आणि परत जातात. आता मी एका बोटाने फिरतो. मित्रांनो, कुलपाला तेल वेळेवर घाला हो, आणि खरं बोलायचं तेही वेळेवर बोला. दार उघडलं की आत धनलक्ष्मी समया पुसत बसलेली दिसते. तिचे केस आता पिकू लागले आहेत.