दोन सिनेमांचा डॉक्टर

“अप्पा, मी डॉक्टर न्हाई.”

“मंग ह्यो कोण? तुझा जुळा भाऊ?” सिद्रामप्पांनी लातुरातल्या शिकवणीच्या फ्लेक्सकडे बोट केलं. पांढरा कोट, गळ्यात स्टेथोस्कोप, चेहरा मल्लिकार्जुनचाच. खाली लिहिलं होतं, ‘आमचे यशस्वी विद्यार्थी, युक्रेन’.

मल्लिकार्जुन त्याच शिकवणीची मेस सांभाळायचा. फोटो सरांनी परस्पर लावला होता आणि फोनाफोनी गावाकडं निलंग्यापर्यंत पोचला होता. घरी तर त्यानं ‘परीक्षा राहिल्यात’ एवढंच सांगितलेलं.

त्र्याण्णवच्या भूकंपात सिद्रामप्पांची थोरली लेक दगडांखालून जिवंत निघाली होती. डॉक्टर येईपर्यंत राहिली नाही. पुढं पत्र्याच्या शेडात मल्लिकार्जुन जन्मला आणि अप्पांनी सोमवार धरले. हा डॉक्टर होईपर्यंत निरंकार उपास. आज सिद्धेश्वराच्या देवळात उद्यापन करायचं म्हणून ते सकाळच्या एसटीनं आले होते. सोबत शेजारच्या गुणाबाई.

गुणाबाईंनी मनगट पुढं केलं. “लई दम लागायलाय रे, डागदर. पयली बोहनी माझी.”

मल्लिकार्जुननं हात धरला. मान कशी कलती करायची, घड्याळाकडं कसं बघायचं, सगळं त्याला येत होतं. अप्पा आनंदानं बघत होते. त्यानं हात हळूच सोडला.

“मावशी, मला येत न्हाई बघायला. तिकडं दुसऱ्या वर्षाला नापास झालो. सिनेमावाल्यांना हिंदुस्थानी डॉक्टर पाहिजे होता, त्यांनी मला घेतलं. त्यांच्या भाषेतले दोन सिनेमे केले. तिसरा सुरू झाला न् लढाई पेटली. सगळे पांगले. ह्यो फोटो सिनेमातलाय.”

“आगं माय! हिरॉईन कोण व्हती?” गुणाबाई हसल्या आणि हसता हसता त्यांना खोकल्याची ढास लागली.

उद्यापनाची पिशवी अप्पांनी या हातातून त्या हातात घेतली. ते म्हणाले, “हिला सरकारी दवाखान्यात नेऊ. चल.”

गुणाबाईंना नर्सनं वाफ द्यायला आत नेलं. बापलेक बाहेर बाकावर बसले. समोर केसपेपरची रांग होती. उन्हानं पत्रा तापला होता.

“सिनेमात बोलायचं काय असायचं तुला?” अप्पांनी विचारलं.

“एकच वाक्य व्हतं, अप्पा.”

“बोल की.”

मल्लिकार्जुननं आजूबाजूला पाहिलं आणि त्या परक्या भाषेत हळूच म्हटलं. रांगेतल्या दोन बायका वळून बघायला लागल्या.

“म्हंजी काय?”

“‘घाबरू नका, मी आलोय.’”

“थोरली ह्येच ऐकायची वाट बघत गेली,” अप्पा म्हणाले. मग त्यांनी डोक्यावरची टोपी काढून मांडीवर ठेवली.

“पुन्यांदा बोल,” ते म्हणाले. “आपल्या बोलीत.”