भट्टीतला आवाज

पाववाल्याच्या भट्टीवर हात ठेवला की भट्टी गाऊ लागे, आणि गाता गाता तापे. भट्टीवरचं चिन्ह शहरातल्या चिन्हं काढणाऱ्या बाईच्या हातचं होतं, गाणं तिच्या नवऱ्याचं.

त्या शहरात सगळं असंच चाले. एकानं गायचं, दुसऱ्यानं त्याच वेळी ओल्या काजळीनं चिन्ह काढायचं. सूर वळला की रेघ वळवायची, सूर थांबला की हात थांबवायचा. मग आवाज त्या चिन्हात राही आणि त्याच्या जोरावर दिवे जळत, पाणी वरच्या मजल्यावर चढे. नुसतं चिन्ह म्हणजे भिंतीवरचा डाग आणि नुसतं गाणं म्हणजे करमणूक. या नवराबायकोचं इतकं जमे की लोक म्हणत, हे दोघं भांडतातसुद्धा एका सुरात.

नवरा गेल्या हिवाळ्यात वारला. गाणारा गेला की त्याची चिन्हंही उतरणीला लागतात. आधी सूर बसतो, मग काम. दिवे पिवळे पडले. पाणी अर्ध्या जिन्यापर्यंत येऊन माघारी फिरू लागलं. लोक दारात येऊन घुटमळत, "घाई काही नाही हो," म्हणत, आणि घाई त्यांच्या तोंडावर दिसे. ज्या हातानं चिन्ह काढलं त्याच हातानं ते पुसावं लागतं; दुसऱ्यानं कितीही घासलं तरी काजळी निघते, आवाज निघत नाही. म्हणून घरोघरी जाऊन तिनंच नवऱ्याला सगळ्या शहरातून पुसलं आणि त्याच्या जागी नणंदेचा आवाज लिहिला.

राहिली होती ही एक भट्टी.

तिच्या स्वतःच्या घरात एकही चिन्ह नव्हतं. या धंद्यातली माणसं घरात चिन्ह काढतच नाहीत. एकदा तिनं हट्ट धरला होता, निदान एक दिवा तरी करू या म्हणून. तर तो म्हणाला, "दिवसभर गळा फोडून घरी यायचं आणि कोपऱ्यातून पुन्हा मीच ओरडायचं? एक मी पुरत नाही का तुला?"

"पुरून उरतोस," ती म्हणाली होती, आणि विषय तिथंच संपला होता.

आता ती रोज सकाळी काजळी तपासायच्या निमित्तानं बेकरीत येई आणि भट्टीवर तळवा ठेवून उभी राही. पाववाला भला माणूस. तो तेवढा वेळ उगाचच परातीतलं पीठ मळत बसे. पण पाव मधोमध कच्चे राहू लागले होते.

शेवटी तो पिठाकडेच बघत म्हणाला, "वहिनी, काल एक गिऱ्हाईक विचारत होतं, हा पाव घरी नेऊन भाजायचा असतो का?"

ती हसली. तो हसला नाही.

"गिऱ्हाइकं पलीकडच्या गल्लीत जायला लागलीत, वहिनी. मला बोलवत नाही, पण…"

"आज करते," ती म्हणाली. "वन्संना घेऊन येते."

वन्सं म्हणजे नवऱ्याची थोरली बहीण. त्यांचा आवाज असा की इथं दिवा लावला तर शेजारचा माणूस दचकून उठावा. त्या आल्या, भट्टीकडे बघून घसा साफ केला आणि एका पोत्यावर बसल्या.

"घे पुसायला. मी काही बोलत नाही."

चिन्ह शेवटाकडून सुरुवातीकडे पुसायचं असतं. ती तळवा सरकवत गेली तसा तिच्या नवऱ्याचा आवाज उलटा उलटा ऐकू येत विरत गेला. भट्टी निवली. उरला पहिला ठिपका. गाणारा गाण्याआधी श्वास घेतो, तेव्हा हा ठिपका द्यायचा.

तिनं हात मागं घेतला. "झालं."

"ठिपका राहिलाय."

"राहू दे की. त्यात सूर कुठंय? तुम्ही त्याच्यापुढून सुरू करा."

वन्सं एरवी मिठावरूनही वाद घालत. आज त्या निमूट उठल्या आणि गायल्या. तिनं रेघा ओढल्या, एकही चुकली नाही. पाववाल्यानं हात ठेवला. भट्टी हूं की चूं करेना.

वन्संनी पदरानं कपाळ पुसलं. "दम त्याचा आणि गळा माझा. कसं व्हायचं गं?" मग हळूच म्हणाल्या, "लहानपणी नदीत बुडी मारायची पैज लावायचो. मी वर यायचे, हा आत श्वास धरून बसलेला. आई काठावर रडकुंडीला यायची. आता तू त्याला तसाच श्वास धरायला लावणार का? सोड त्याला."

तिला बोलायचं होतं. तुमच्याकडे त्याचं लहानपण तरी आहे, माझ्याकडे हा ठिपका आहे, असं काहीतरी. पण पाववाला परात घेऊन उभा होता आणि पीठ फुगून परातीच्या काठावर आलं होतं.

तिनं आधी फसलेल्या रेघा पुसल्या. मग ठिपक्यावर अंगठा ठेवला आणि फिरवला. आत घेतलेला श्वास उलटा पुसला गेला म्हणून बाहेर आला. तिच्या मनगटाला कोमट लागला आणि गेला.

वन्संनी मोठ्यानं श्वास घेतला. तिनं ठिपका दिला.

भट्टी अशी पेटली की पाववाला दोन पावलं मागं सरला. "आवाज जरा दणदणीत आहे, नाही?" तो म्हणाला.

"सवय होईल," वन्सं म्हणाल्या. "आमच्या ह्यांना झाली." आणि तिला म्हणाल्या, "चल, माझ्याकडे जेव आज."

"येईन नंतर. तुम्ही व्हा पुढं."

त्या गेल्या. पहिला घाणा निघाला तेव्हा पाववाल्यानं त्यातला एक पाव फडक्यात धरून तिच्या पुढं केला. तिनं तो तिथंच उभ्यानं मोडला. अगदी मधोमधही भाजला गेला होता, छान हलका झाला होता. ती भट्टीकडे पाठ करून तो खात राहिली, आणि तो इतका चांगला झालाय हेच तिला गिळवेना.