रोझेनच्या हाताचं अर्धं मिनिट

वास आला ना? येणारच! मित्रांनो, मी चावीचा एक जुना सिनेमा कॅमेरा आहे आणि तारली मासळीच्या टोपलीत बसून आलेलो आहे. ज्यांना नाक मुरडायचं त्यांनी खुशाल मुरडावं.

चावी पिळली की मी अर्धं मिनिट चालतो, मग थांबतो. बॅटरीवर चालणारे कॅमेरे मला हसायचे. हसोत बापडे!

मला विकत घेतलं आर्मेल केमेनेरने. फ्रान्समधल्या ब्रिटनी प्रांताच्या किनाऱ्यावर जाळी विणणाऱ्याची ही लेक पॅरिसला दुसऱ्यांच्या सिनेमांच्या फिती कापायची, जोडायची. तिथला एक दिग्दर्शक तिला म्हणाला, "पोरी, तुझे हात झकास चालतात. डोकं आमचं चालू दे." त्याच आठवड्यात तिने मला घेतलं आणि आम्ही दोघं तिच्या गावी निघालो. दिग्दर्शिका व्हायला तिने कुणाची परवानगी मागितली नाही.

गावात तारल्या डबाबंद करायचा कारखाना होता. तिथे बायका पहाटेपासून खाऱ्या पाण्यात हात घालून उभ्या असायच्या. झाकण बसवायच्या यंत्राला आडोसा नव्हता. दर साल कुणाची ना कुणाची बोटं जायची. मालकाने आम्हांला दारातूनच हाकललं. तेव्हा रोझेन नावाच्या कामगार बाईने मला टोपलीत घातलं, वर तारल्या रचल्या आणि मुकादमाच्या नाकासमोरून आत नेलं. आर्मेल डोक्याला फडकं बांधून बायकांत मिसळली.

"आज टोपली जड दिसतेय," मुकादम म्हणाला.

"मग लावा की हात! का नुसतं बघायचाच पगार मिळतो?" रोझेन म्हणाली. मुकादम गुमान दुसरीकडे गेला. माझ्या पोटात मात्र खारं पाणी शिरलं, ते कायमचं.

रोझेनच्या उजव्या हाताची दोन बोटं त्याच यंत्राने नेली होती. चित्रण करताना आर्मेल चाचरली. "हात झाकून घेतेस का गं?"

"का? मी काय चोरी केलीय? घे, चांगला जवळून घे!" रोझेनने हात माझ्या भिंगासमोर धरला. अर्ध्या मिनिटात माझी चावी संपली.

"झालं? एवढ्यात? माझी बोटं जायला तर याहून कमी वेळ लागला बघ!" ती हसली, तशा बाकीच्याही हसल्या. आर्मेलला हसू येईना.

सिनेमाचा निर्माता होता पॅरिसचा बुफार. त्याने तयार सिनेमा पाहिला, डोळे पुसले. "सोनं आहे, सोनं! फक्त तो हात काढून टाक. लोक जेवून येतात सिनेमाला."

"नाही."

"अगं, अर्ध्या मिनिटाचा तर प्रश्न आहे. पॅरिसभर लावतो तुझा सिनेमा!"

"नाही म्हटलं ना!"

आमच्या देशात दिग्दर्शकाच्या संमतीवाचून सिनेमाला कात्री लावता येत नाही. कुलूप लावायला मात्र कुणाची संमती लागत नाही. बुफारने रिळांचे डबे कपाटात टाकले ते नऊ वर्षं. बाई हट्टी आहे, अशी बोंब झाली आणि आर्मेलला कुणी सिनेमा देईना. ती पुन्हा दुसऱ्यांच्या फिती जोडायला बसली. खरं सांगतो, मीही मनात म्हणायचो, काप की गं बाई, अर्धंच मिनिट! त्याची आज मला लाज वाटते.

नवव्या वर्षी, आपल्या हातापायी सिनेमा कुलपात पडल्याची गोष्ट रोझेनच्या कानावर गेली आणि तिचं डोकं फिरलं. अकरा जणींना घेऊन ती आगगाडीने पॅरिसला आली. आर्मेलला सोबत घेतलं आणि तडक बुफारच्या कचेरीत घुसली. मी आर्मेलच्या खांद्याला होतो.

"काय काम आहे, बाई?" बुफारने विचारलं.

"माझा हात तुमच्या कपाटात आहे. न्यायला आलेय."

त्याने करार दाखवला, वकिलाचं नाव घेतलं. बायकांनी तिथेच जमिनीवर फतकल मारली आणि तारल्यांचे डबे उघडले. दुपारपर्यंत शेजारच्या कचेऱ्यांतून वासाच्या तक्रारी आल्या. चार वाजता बुफारने किल्ली काढली. "न्या बाबा, न्या एकदाचा!"

रविवारी दुपारी गावातल्या मासळी लिलावाच्या शेडला पोती लावून अंधार केला, चादर ताणली. बायकांनी घरून लोणी लावलेली धिरडी आणली. मालकही आला, पुढच्याच खुर्चीत बसला. रोझेनचा हात चादरीभर पसरला. मालक उठून जायला निघाला.

"बसा, साहेब!" मागून रोझेन कडाडली. "माझा हात अजून संपला नाही!"

मालक बसला. त्याच हिवाळ्यात यंत्राला आडोसा लागला.

पुढे आर्मेलने आणखी सात सिनेमे केले. तिला हट्टी म्हणणारेच तिला निर्भीड म्हणत फुलं घेऊन यायला लागले. ती फुलं घ्यायची आणि त्यांना दारातूनच वाटेला लावायची.

मी आता तिच्या कपाटावर पडून असतो. चावी फिरत नाही. मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, असं आमच्यासारख्यांनी शेवटी सांगायची रीत आहे. मी नाही सांगणार. मला खुशाल भंगारात टाका. पण त्या अर्ध्या मिनिटाला कात्री लावायला याल, तर याद राखा!