बेंटसिलबाईंचं शेवटचं प्रकरण

जिवंत माणसाला मारायला आमच्याकडे एक छापील कागद पुरतो. परीक्षेच्या गाइडमध्ये पान अकरावर कुणा दीडशहाण्याने छापलं, 'दिवंगत लेखिका अराबा बेंटसिल'. त्या वेळी दिवंगत लेखिका माझ्या अंगणात बसून मासे साफ करत होत्या आणि माझ्या नवऱ्याच्या आळशीपणावर बोलत होत्या.

मी बाईंच्या पाचवीतली. खाडीकाठच्या शाळेत त्यांनी बत्तीस वर्षं पाचवी शिकवली. शाळेच्या कपाटातल्या पुस्तकांत मुलं बर्फावरून घसरायची. आम्ही बर्फ पाहिला तो फक्त मासळीच्या पेटीत. म्हणून बाईंनी स्वतः लिहायला घेतलं. सात कादंबऱ्या लिहिल्या, सगळ्या आमच्यासारख्या पोरांच्या, संकटात उडी मारून स्वतःच्या बळावर बाहेर येणाऱ्या.

शुक्रवारी शेवटच्या तासाला त्या नवं प्रकरण वाचून दाखवायच्या. घंटा म्हणजे झाडाला टांगलेली ट्रकच्या चाकाची लोखंडी रिंग. ती वाजल्यावर पोरं उठली, तर बाई ते प्रकरण आमच्यासमोर टराटरा फाडायच्या. "पोरं खोट्या टाळ्या वाजवतात," म्हणायच्या, "पण खोटं कुणी बसून राहत नाही." 'एकुआ आणि खाडी'चं शेवटचं प्रकरण वाचलं त्या दिवशी आमच्या आया काठ्या घेऊन शोधायला आल्या होत्या. बारा वर्षांची एकुआ वाळूच्या दांड्यावर अडकलेल्या आजोबांना आणायला एकटी होडी पाण्यात घालते आणि घेऊन येते. मी नंतर पोहायला शिकले ती त्या प्रकरणामुळे.

नव्या आवृत्तीत ते प्रकरणच नाही! एकुआ धावत हेडमास्तरांकडे जाते. गावातले पुरुष आजोबांना आणतात. एकुआला आज्ञाधारकपणाचं प्रमाणपत्र मिळतं. प्रमाणपत्र! मी ते पान वाचलं आणि पुस्तक भिंतीवर फेकलं. हे पुस्तक आणि ते गाइड, दोन्ही छापणाऱ्या राजधानी आक्रातल्या प्रकाशकाला बाईंनी तीन पत्रं लिहिली. तिसऱ्याला उत्तर आलं, 'दिवंगत लेखिकेच्या वारसांनी मृत्यूच्या दाखल्यासह अर्ज करावा.'

"म्हणजे आधी मर, मग बोल," बाई म्हणाल्या. त्या हसल्या नाहीत.

मग शाळेच्या पंचाहत्तरीचं आमंत्रण आलं. वाचनालयाला बाईंचं नाव देणार होते. आमंत्रण मला आलं, जुनी विद्यार्थिनी म्हणून. बाई निवृत्तीनंतर माझ्याकडे ताकोरादी शहरात आलेल्या, हेडमास्तर नवा, कुणी चौकशी कशाला करेल?

"चल," बाई म्हणाल्या, "माझाच कार्यक्रम आहे."

आम्ही मंडपात अगदी मागच्या बाकावर बसलो, आमच्यापुढे शाळेची पोरं. सगळ्यांत पुढे मखमली खुर्चीत प्रकाशकांचे आर्हिनसाहेब. पूर्वजांना दारू वाहायला गावचे वडीलधारे अमोआ उभे राहिले. ते एके काळचे बाईंचेच विद्यार्थी, आता नजर अधू. शाळेने दिलेली यादी पाठ करून आले होते. एकेका मृत शिक्षकाचं नाव घेत त्यांनी जमिनीवर धार सोडली.

"अराबा बेंटसिल, ये. हे घे, पी."

"आले," बाई उठल्या. "जमिनीवर कशाला सांडतोस? ग्लासच दे इकडे."

एक पाहुणी किंचाळून मंडपाबाहेर पळाली. बाई तरातरा पुढे गेल्या, अमोआंच्या हातून ग्लास घेतला आणि रिकामा केला.

"बाई?" अमोआंनी अधू डोळे बारीक केले.

"अजून न तपासताच पेपर देतोस का रे?"

जिवंत माणसाला मेलेल्यांत बोलावणं म्हणजे आमच्याकडे घोर अपराध, त्याची भरपाई मेंढ्याने होते. "शाळेने नाव यांच्या गाइडातून घेतलं," अमोआ आर्हिनकडे वळले. "मेंढा यांनी द्यायचा."

"एक काय, दोन देतो!" आर्हिन हात चोळत म्हणाला.

"मेंढा घेऊन काय करू? मला दात नाहीत," बाई म्हणाल्या. "माझं प्रकरण दे."

"बाई, काळ बदललाय. असलं वाचून मुली पाण्यात उतरतात. पालक तक्रारी करतात."

"उतरतात ना? मग पोहायला शिकवा! प्रमाणपत्र दाखवल्यावर बुडणारा म्हातारा वर येतो होय रे?"

"काय भरपाई हवी ते ज्याचा अपराध झाला तोच सांगतो," अमोआ कडाडले. "बाईंनी सांगितलंय."

"समितीपुढे ठेवतो," आर्हिन पुटपुटला.

"समितीला विचारून बदललं होतं का?" मी मागून ओरडले. माझा घसा बसेपर्यंत ओरडले, लाज वाटली नाही.

बाईंनी त्याचा नाद सोडला. त्या पोरांकडे वळल्या. "आजोबा अडकले. एकुआ काय करते?"

एक चुणचुणीत पोरगी उभी राहिली. "हेडमास्तरांकडे जाते."

"खोटं," बाई म्हणाल्या. "बस. सांगते."

पुस्तक नव्हतं, कागद नव्हता. बाई अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या, आवाज चिरकलेला. एकुआने होडी ढकलली, प्रवाहाने ती फिरवली, वल्हं हातून सुटलं. तेवढ्यात रिंग वाजली. जेवणाची वेळ झाली होती, टोमॅटोत शिजवलेल्या जोलोफ भाताचा वास मंडपभर पसरला होता.

आर्हिन सुटल्यासारखा उठला. त्याने मागे वळून पाहिलं. तीनशे पोरांतलं एकही हललं नव्हतं. बाई त्याच्याकडे बघत थांबल्या.

तो खाली बसला. मग बाईंनी पुढचं वाक्य घेतलं.