पट्ट्याचे दुसरे टोक

रविवार, १४ डिसेंबर २०२५. सायंकाळचे पाच वाजून दहा मिनिटे. मूल तालुक्यातील एका गावी, विहाराच्या अंगणात त्रेसष्ट माणसे सतरंजीवर बसली होती. साक्षीची नजर मात्र एकाच माणसावर होती: तिचे आजोबा लहानूभाऊ, वय चौऱ्याण्णव.

तरुणपणी कोरियाच्या युद्धात ते भारतीय वैद्यकीय पथकासोबत स्ट्रेचर वाहायला गेले होते. घरात त्याबद्दल चकार शब्द नाही. कोणी विषय काढलाच, तर त्यांची बकरी नेमकी तेव्हाच सुटे आणि ते तिला बांधायला निघून जात.

मेलेल्यांच्या आणि मागे उरलेल्यांच्या मनातली गाठ सोडवणारा ‘सालपुरी’ हा कोरियन नाच साक्षी नागपूरला एका कोरियन बाईंकडे शिकली होती. आजोबांनी तो शेवटपर्यंत बसून पाहावा, एवढीच तिची इच्छा. पाच हात लांबीचा पांढरा पट्टा सांभाळत ती पुढे आली.

"अवो, दुपट्टा कापाले कैची नोती का?" शेजारच्या बायनाबाई म्हणाल्या. हशा पिकला. "लहानूभाऊ, पाहा बरं, बकरी सुटली वाटते!"

"बकरी इकली मी," लहानूभाऊ गुरगुरले. "नाचू द्या पोरीले."

साक्षी नाचू लागली. श्वासासोबत खांदे उचलत, पाऊल जपून टेकवत. मग तिने पट्टा जमिनीवर आडवा सोडला आणि पडलेल्या माणसाजवळ बसावे तशी गुडघ्यांवर बसून तो उचलायला वाकली.

लहानूभाऊ उठले. साक्षीला वाटले, गेले!

पण काठी बायनाबाईंच्या मांडीवर टाकून ते थेट पुढे आले आणि वाकून त्यांनी पट्ट्याचे दुसरे टोक धरले.

"एकटी काऊन उचलून राह्यली? माणूस उचलाले दोघं लागतात. तू पुढं हो, मी मागं."

"आबाजी, हा नाच आहे!"

"मंग? आम्ही का पळत होतो? असंच चालावं लागे, हळू. वरचा माणूस हालला नाई पाह्यजे."

दोघे निघाले. पट्टा ताणलेला, पाऊल एक.

"सरका, सरका! जखमी येऊन राह्यला!" बायनाबाई ओरडल्या. लोक हसत हसतच सरकले, पण वाट मात्र सगळ्यांनी दिली.

"एक पोरगा होता," मागून आवाज आला. "भाषा नाई समजे. 'ओम्मा, ओम्मा' म्हणे. म्हंजे माय. तेवढं समजलं मले."

साक्षीने वळून पाहिले नाही. पाऊल चुकले असते. पायरीपाशी दोघांनी पट्टा अलगद खाली ठेवला.

"चहा आणा," तिथेच बसत लहानूभाऊ म्हणाले. "पुढचं सांगतो."

त्या सायंकाळी ते कोरियाबद्दल एक तास चाळीस मिनिटे बोलले.