जुळवलेला उजेड

तीस वर्षं कॅमेरामन एर्मान्नोने दुसऱ्यांच्या भिकार सिनेमांना उजेड दिला. अठ्ठ्याहत्तर साली, एका सिनेमात, त्याला पहिल्यांदा मनासारखं करू दिलं. खिडकीवर चहाच्या पाण्यात बुडवून वाळवलेली मलमल, एकच दिवा, बाकी काळोख. नायिकेच्या, नेरीनाच्या, उघड्या पाठीवर तो उजेड असा उतरायचा की रोमच्या त्या स्टुडिओतले सुतारसुद्धा रंधा थांबवून बघत. नागड्या अंगाचे सिनेमे ढिगाने निघत होते. एर्मान्नोला त्यातून चित्र काढायचं होतं.

करारावर सही करताना नेरीनाने एकच अट घातली होती. कपडे उतरवीन, पण पलंगावरचं काही दाखवायचं नाही. एर्मान्नो साक्षीला होता.

शूटिंग आटोपलं तेव्हा निर्माता पास्क्वीनी कॉफी ढवळत म्हणाला, "मास्तर, परदेशी पाठवायच्या प्रतीत पलंगावरचे चार तुकडे घालायचेत. दुसरी बाई आणलीय. तोंड नाही, नुसतं अंग. सगळेच घालतात."

"नेरीनाला विचारलंस?"

"तिला कशाला? अंग तिचं थोडंच आहे. तू त्रास घेऊ नकोस. लग्नाचे फोटो काढणारा बेप्पे उरकेल."

बेप्पे. समोरून भसकन दिवा मारणारा, माणसाला चुना फासल्यासारखं दाखवणारा. आपल्या सिनेमाला चार ठिगळं लागलेली एर्मान्नोला दिसली. 'नाही' म्हणायला उघडलेल्या तोंडातून निघालं, "बेप्पेला हात लावू देऊ नकोस. मीच करतो."

आणि केलं. वही काढून दिव्याचं अंतर मोजलं, तीच मलमल टांगली. नेरीनाच्या खांद्यामागचा तीळसुद्धा त्या बाईच्या पाठीवर स्वतःच्या हाताने रंगवला.

चार महिन्यांनी नेरीना भर दुपारी स्टुडिओच्या खाणावळीत येऊन त्याच्यासमोर बसली.

"जर्मनीत, श्टुटगार्टच्या कारखान्यातल्या पोरांबरोबर माझा भाऊ सिनेमा बघून आला," ती म्हणाली. "आईला लिहिलंय, हिला घरात घेऊ नका."

"ती तू नाहीस, सांग त्याला."

"सांगितलं. म्हणतो, तीळ ओळखतो मी." तिने पाव कुस्करला. "पास्क्वीनी सांगत होता, बेप्पे करणार होता म्हणे. त्याने केलं असतं ना मास्तर, तर आंधळ्यालाही कळलं असतं की ती मी नाही."

एर्मान्नोने पाण्याचा पेला तिच्याकडे सरकवला.

"पेपरात लिहा," ती म्हणाली. "तुमच्या नावाने. तीळ कुणी काढला ते."

"लिहितो. फक्त पंधरा दिवस थांब. आपल्या सिनेमाच्या बक्षिसाचे परीक्षक बसतायत."

नेरीनाने टेबलावरचा पावाचा चुरा झटकला. खिडकीतलं ऊन तिच्या गालावर पडलं होतं. पडदा वीतभर ओढला तर चेहरा आणखी चांगला दिसेल, हे त्या हरामखोराने तेव्हाही मनात मोजून घेतलं.