पन्नासाची बेरीज

पुष्पावतीला गणित शिकवलं ते तिच्या बापाने, गहिनीनाथने. शाळा सातवीला सुटली, पण चिंचोक्यांची पुरचुंडी घरात राहिली. दोन आकड्यांची बेरीज आणि फरक सांगून तो आकडे ओळखायला लावायचा. "जास्तीचं आदी बाजूला काढ, उरल्यालं निम्मं कर," एवढीच त्याची युक्ती. उत्तर बरोबर आलं की गावभर सांगत सुटायचा. पोरीचं कौतुक त्याच्या पोटात मावतच नसे.

बहात्तरच्या दुष्काळात त्यांच्या पारनेरच्या माळावर हिरवं पान उरलं नाही. गहिनीनाथने बैलजोडी काष्टीला नेऊन सोडली. तिथे एका बागाईतदाराच्या विहिरीला पाणी होतं, बैलांना उसाचं वाढं मिळत होतं. महिना झाला आणि त्याच घरचं स्थळ पुष्पावतीला सांगून आलं. मुलगा काकासाहेब, बिजवर, वय पंचवीस, असं बापाने सांगितलं. पंचवीस म्हणजे चालेल, असं तिने मनाशी ठरवलंही होतं.

पाहुणे आले. काकासाहेब फेटा भुवयांपर्यंत ओढून बसला होता. बोलायचं सगळं काम त्याच्या चुलत्याकडे, पुंजारामकडे. नाव विचारून झालं, चालायला लावून झालं, तेव्हा पुंजारामला आठवलं की पोरगी हिशोबाला हुशार आहे म्हणे. मग गणित घालणं आलंच. स्वतःची अक्कल बेताची, त्यामुळे सोडवून उत्तर काढता येईल असं गणित त्याला कुठून सुचणार? सकाळीच मुहूर्तासाठी गुरुजींना दोघांची वयं सांगून आला होता, त्यांचीच बेरीज आणि फरक त्याने पुढे केला.

"दोन आकडं हायेत. बेरीज पन्नास, फरक अठरा. सांग कंचं?"

पुष्पावतीने पाटावर बसल्या बसल्या अठरा बाजूला काढले. उरले बत्तीस, त्याचे निम्मे सोळा. सोळात अठरा मिळवले आणि तिने फेट्याखालच्या चेहऱ्याकडे बघितलं.

"एक सोळा, दुसरा चौतीस," ती म्हणाली. मग तिनेच विचारलं, "सोळा माजं वय हाय. चौतीस कुनाचं?"

काकासाहेब बशीतल्या चहाकडे बघत राहिला. पुंजाराम खाकरला. बाप आता उठेल, पाहुण्यांना जाब विचारेल, असं तिला मनापासून वाटलं. वेडी पोर. गहिनीनाथ बोटांची पेरं मोजत होता. मोजून झाल्यावर त्याने हात धोतरावर पुसला.

"चुकलं. परत कर," तो म्हणाला.

जन्मात त्याने तिचं बरोबर गणित चूक म्हटलं नव्हतं. तिने परत केलं. चौतीसच आले. बाप मान वर करीना. महिन्याभरापूर्वी बैल सोडून आला त्या दिवशीही तो असाच मान खाली घालून जेवला होता. आता तिला कळलं, की बैल नुसते चाऱ्याला गेले नव्हते. ती नाही म्हणाली तर ते उद्याच परत या माळावर येणार होते, मरायला.

"व्हय, चुकलं माजं," पुष्पावती म्हणाली.

पुंजारामचा चेहरा खुलला. त्याने कप खाली ठेवला आणि मांडीवर थाप मारली.

"गनिताचं काय घिऊन बसलाय? बापाच्या शब्दाबाहेर न्हाई पोरगी. आमाला पसंत हाय."

सुपारी फुटली. पाहुण्यांना वेशीपर्यंत पोचवून गहिनीनाथ परत आला, तेव्हा ती उष्टे कप गोळा करत होती. तो उंबऱ्यातच थांबला.

"उत्तर बरोबर हुतं तुजं, पुष्पे."

"तेवढं पाव्हन्यांसमोर म्हनायचं हुतं, दादा," ती म्हणाली आणि कप घेऊन आत गेली.